भिवराचा ओला दोर

फार वर्षांपूर्वीची गोष्ट आहे. किती वर्षांपूर्वीची, हे कातळवेढ्यात कुणी विचारत नाही, कारण तिथं वर्षं सगळीकडं सारख्या चालीनं चालत नाहीत. ज्या मुलखात आभाळात दोन चंद्र उगवतात, एक थोरला आणि एक त्याच्यामागून धापा टाकत येणारा धाकटा, त्या मुलखातलं हे गाव. गावाच्या मावळतीला काळ्या कातळाची सपाटी आहे आणि त्या सपाटीवर कोरडा डोह आहे.

या डोहात पाण्याचा थेंब नाही. हा डोह काळाचा. नदीचं पाणी वाहता वाहता एखाद्या खळग्यात शिरतं आणि तिथंच घुटमळत राहतं ना, तसा या जागी काळ घुटमळतो. वाऱ्यानं पान उडून आत गेलं, की ते हवेतच लटकतं आणि भुईला लागायला माणसाचा जन्म सरतो. डोहाच्या मधोमध एक टिटवी पंख उचलून उभी आहे. आजच्या म्हाताऱ्यांच्या आजोबांनीही ती तिथंच पाहिली होती. फरक इतकाच, की तेव्हा तिचा पंख पार वर होता आणि आता तो जरा खाली आला आहे.

डोह श्वास घेतो, असं म्हणतात. थंडीत तो आत ओढून घेतो, उन्हाळ्यात पिठाच्या गोळ्यासारखा फुगतो. म्हणून दोन्ही चंद्र एकदम पुरे होतात त्या जोडपुनवेला गावकरी पाचोळा उधळून डोहाची कड शोधायचे आणि कडेच्या दगडांना चुना फासायचे. चुन्याच्या दगडापलीकडं पाऊल टाकायचं नाही, हे कातळवेढ्यातलं मूल बोलायच्या आधी शिकायचं.

त्या गावात भिवरा नावाची दोर वळणारी बाई होती. नवरा लवकर गेलेला, पदरात सगू नावाची एकच लेक. भिवराच्या हाताला असा पीळ होता, की तिनं वळलेला दोर झिजायचा पण उसवायचा नाही. आणि तिच्या अंगात अशी घाई होती, की बाया म्हणायच्या, "भिवराच्या चुलीवर दुधाला उतू जायलासुद्धा सवड मिळत नाही." वेल लावला, की तिसऱ्या दिवशी ती मुळं उकरून बघायची. जेवायला बसली तर एक पाय उभा. देवळात गेली तर देवाला हात जोडतानाच चपला शोधायची. शेजारच्या तान्ही आत्या, गावातल्या सगळ्यांत म्हाताऱ्या, तिला म्हणायच्या, "भिवरे, तुझ्या आईनं तुला पोटात तरी पुरते दिवस ठेवली होती का गं?"

"मीच लवकर निघाले असेन, आत्या," भिवरा म्हणायची आणि म्हणता म्हणता पुढं गेलेली असायची.

एका उन्हाळ्यात घळीवरचा झुलता साकव तुटला. पलीकडची शेतं पलीकडंच राहिली, आणि पीक तर कापणीला आलेलं. गावानं भिवराला नव्या साकवाचा दोर वळायला सांगितलं. एवढा लांब दोर आजवर कुणी वळला नव्हता. लांब दोर वळायचा तर लांब जागा लागते. एकजण खुंटीपाशी बसून पीळ घालतो आणि दुसरा दोराचं टोक कमरेला बांधून, खुंटीकडं तोंड ठेवून मागं मागं सरत जातो. जितका दोर, तितकी चाल. खुंटीपाशी भिवरा बसली आणि टोक सगूच्या कमरेला बांधलं. कातळाच्या सपाटीवर, चुन्याच्या दगडांच्या बऱ्याच अलीकडून, दोघींनी सुरुवात केली.

ऊन चढलं. सगू मागं सरत होती. एकदा तिनं ओरडून सांगितलं, "आई, भूक लागलीय."

"एवढा पीळ बसू दे, मग देते. मागं सर."

"अजून किती?"

"सर म्हटलं ना! बोलत बसलीस की पीळ सुटतो."

सगू सरली. मागं बघायचं काम तिचं नव्हतं. मागं सरणाऱ्या माणसाचे डोळे म्हणजे समोर बसलेला माणूस, अशी दोरवाल्यांची रीत. पण समोर बसलेल्या भिवराचे डोळे हातातल्या पिळावर होते आणि मन साकवावर पोचलेलं होतं. चुन्याचा एक दगड सगूच्या टाचेमागं जवळ येत चालला होता. तो भिवराला दिसला नाही. पण खरं सांगायचं, तर तो दगडही चुकीच्या जागी होता. त्या उन्हाळ्यात डोह इतका फुगला होता, की कड चुन्याच्या पुष्कळ अलीकडं आली होती.

दोर एकाएकी जड झाला. भिवरानं हाक मारली, "सर की!" सगू हलली नाही. भिवराला वाटलं, पोरगी रुसली, भाकरी दिली नाही म्हणून हटून उभी राहिली. "रुसलीस होय? थांब," असं म्हणून तिनं दोराला एक जोराचा हिसका दिला.

मग तिनं मान वर केली. सगू एक टाच उचलून उभी होती. तिच्या कानाजवळ एक माशी हवेत थबकली होती. वाऱ्यानं उडालेली बट कपाळापासून वेगळी होऊन तशीच ताठ राहिली होती. चेहऱ्यावर दुखणं नव्हतं, भीती नव्हती, नुसती भूक होती.

भिवराची किंकाळी घळीपलीकडं ऐकू गेली, असं म्हणतात.

गाव धावून आलं. खंडू गाडीवानानं बैलांची जोडी सोडून आणली. "माझी जोडी सागाचा ओंडका ओढते," तो म्हणाला, "पोरगी ती काय जड?" भिवरा दोर बैलांच्या जोखडाला बांधायलाच लागली होती. तेवढ्यात तान्ही आत्या काठी टेकत आल्या आणि त्यांनी ती काठी भिवराच्या हातावर मारली.

"सोड तो दोर! माझ्या लहानपणी असंच एक वासरू आत गेलं होतं. त्यालाही बैल लावले. दावं आलं, वासरू आलं नाही. जे आलं ते सांगण्यासारखं नव्हतं." मग त्या खाली बसल्या आणि शांतपणानं म्हणाल्या, "अगं, तिचा एक क्षण म्हणजे आपली कितीतरी वर्षं. तुझा हलका हात तिला हत्तीच्या धक्क्यासारखा. तू मघाशी हिसका दिलास का?"

भिवरानं जोखडाची गाठ सोडली.

"तो हिसका अजून तिला लागलाय कुठं," आत्या म्हणाल्या. "लागेल."

"मग मी काय करू? इथं नुसती बसून राहू?"

"हो. बसायचंच. आजवर तेवढंच शिकली नव्हतीस."

"मी आत जाते."

"जा. मग दोर कोण धरणार?"

तेव्हा भिवरा बसली. पण बसणं तिला येत नव्हतं. ती उठायची, दोराभोवती फेऱ्या मारायची, पुन्हा बसायची, दोर चाचपायची. तिच्या फेऱ्यांनी कातळावर पायवाट पडली. ती अजून दिसते, असं म्हणतात. जेवण तिनं तिथंच मागवायला सुरुवात केली आणि दोन भाकऱ्या आल्या तर एक दगडावर काढून ठेवायला.

साकव कुणा दुसऱ्यानं दुसऱ्या दोराचा बांधला. पीक घरात आलं. झाडांची पानं गळली. आणि आत्या म्हणाल्या होत्या तसं झालं. हिसका पोचला. भिवरानं तो रोज थोडा थोडा पोचताना पाहिला. दोर सगूच्या कमरेत रुतला. परकराची चुणी वळली. पाय भुईवरून सुटायला लागले. भुवया वर चढल्या आणि ओठ उघडायला लागले. आपणच केलेली इजा आपल्या लेकराच्या तोंडावर अख्खा हिवाळाभर उमटताना पाहणं कुणाच्या नशिबी येऊ नये.

ओठ उघडले आणि डोहातून घूं असा आवाज यायला लागला. लोकांना वाटलं, आग्यामोहोळ बसलं. माणसं धूर घेऊन पोळं शोधायला निघाली. भिवरा कातळाला कान लावून पडून होती. ती म्हणाली, "धूर विझवा. माझी सगू आहे. हाक मारतेय."

"कुणाला गं?" खंडूनं विचारलं.

"मला. अजून 'आ' म्हणतेय."

तो 'आ' उन्हाळा, पावसाळा, हिवाळा चालू राहिला. लोक त्याच्या आवाजात दळायचे, जेवायचे, झोपायचे. पुढं जन्मलेल्या पोरांना तर वाटायचं, जगात असा आवाज असतोच. भिवराला मात्र एक घटकाही झोप लागेना. ज्या बाईनं उभ्या जन्मात कुणाला आपल्या ओसाठी थांबायला लावलं नव्हतं, तिला आता लेकीला साधी ओ देता येत नव्हती.

एका पहाटे खूप दव पडलं. भिवरानं सवयीनं दोराला हात लावला, तर तो तारेसारखा ताठ. दोर ओला झाला की आकसतो, हे दोरवाल्याच्या पोराला पाळण्यात कळतं. भिवरालाही ते ठाऊक होतंच, पण घाईत असलेल्या माणसाला ठाऊक असलेलंच आठवत नाही. तिनं वाकून बारकाईनं पाहिलं. आकसलेल्या दोरानं सगूला केसभर अलीकडं आणलं होतं. परकराची चुणी तशीच होती. दोर जास्तीचा रुतला नव्हता.

ऊन वर आल्यावर दोर वाळून सैलावणार, त्याच्या आधी भिवरानं ती केसभर मिळकत खुंटीला वेढा देऊन पक्की केली. दुसऱ्या दिवशी दव पडलं नाही. तेव्हा ती विहिरीवर गेली, घागर भरून आणली आणि दोरावर ओतली. हळू, धार लावून, या टोकापासून डोहाच्या कडेपर्यंत.

त्या दिवसापासून एक सकाळ चुकली नाही. घागर ओतायची, दोर आकसू द्यायचा, वेढा द्यायचा. दोर जुना होऊन कुजायला लागला, की ती त्याच्याच पेडांत नव्या वाखाचे धागे मिसळून पुढं वळायची. जुना कधी संपला आणि नवा कधी लागला, ते दोरालाही कळत नसे. डोहातला भाग मात्र जसा होता तसा कोवळा, हिरवट राहिला. ज्या बाईला वेलाच्या मुळांना माती धरू देण्याइतका धीर नव्हता, ती आता केसाकेसानं दोर ओढत होती. ती शांत झाली, असं मात्र कुणी समजू नये. तिचा पाय वेढा देतानाही थरथरायचा. घाई तिच्या अंगातून गेलीच नव्हती. तिनं ती खुंटीला बांधून ठेवली होती, इतकंच.

तान्ही आत्या गेल्या. खंडू गेला, त्याचे बैल त्याच्या आधीच गेले. सगूबरोबर सागरगोटे खेळणारी पारू लग्न होऊन गेली, विधवा होऊन माहेरी परत आली आणि तिचेही केस पांढरे झाले. ती रोज भिवराची घागर भरून द्यायची. कधी कधी डोहाकडं बघून म्हणायची, "मावशी, हिला माझा एक सागरगोटा द्यायचा राहिलाय. हिच्या मुठीत आहे बघ, चोरटी कुठली!" आणि दोघी हसायच्या. हसून झालं, की दुसरीकडं बघायच्या.

सगू कडेच्या इतकी जवळ आली, की हात लांबवला तर पोचेल. आणि तेव्हा भिवराला तो दगड दिसला.

हिसक्यानं सगूचे पाय सुटले होते, हे खरं. म्हणजे ती इतकी वर्षं पडत होती. उभी दिसणारी पोर कधी कलली, कधी ओणवी झाली, हे रोज पाहणाऱ्यांच्या लक्षात आलं नव्हतं. आता ती तोंडावर येत होती आणि तिच्या कपाळाखाली, डोहाच्या आतल्या बाजूला, कातळाचा एक धारदार सुळका होता. कपाळ आणि सुळका यांच्यात वीतभर अंतर उरलं होतं. दोर ओढावा तर ती आणखी पुढं झुकणार. न ओढावा तरी पडणारच. आणि तो सुळका काढायला हात आत घालायचा, तर हात घालणारा आतलाच होणार.

भिवरानं एक दिवस विचार केला, असं काही जण म्हणतात. ज्यांनी तिला ओळखलं होतं ते म्हणत, की एक दिवस नाही, एक श्वासभर.

तिनं गाव बोलावलं. लेकीच्या दोरात स्वतःसाठी आणखी एक दोर वळून घेतला आणि तो स्वतःच्या कमरेला बांधला. घागर पारूच्या हातात दिली.

पारू रडायला लागली. "मावशी, तुझं वय झालं गं. आत जाऊन पोचशील का वेळेवर?"

"या गावात माझ्याहून चपळ हात कुणाचा आहे?"

ते खरंच होतं.

"रोज सकाळी एक घागर," भिवरा म्हणाली. "ओढायचं नाही. दोराला ओढू द्यायचं. आणि बायांनो, मी सांगते ते लक्षात ठेवा. घाई करू नका."

भिवराच्या तोंडून हे शब्द ऐकून आधी एक म्हातारी फिसकन हसली, मग दुसरी, मग सगळं गाव हसलं, आणि हसता हसता रडलं. भिवराही हसली. पदर खोचला. आणि मग ती धावली. उभ्या जन्माची बांधून ठेवलेली घाई एकदम सुटली आणि ती बाई वाऱ्यासारखी कडेवरून आत गेली.

आत गेली आणि थबकली. पुढं वाकलेली, दोन्ही हात लांबवलेले, पदर मागं उडालेला.

आणि मग गावाचा जीव टांगणीला लागला, तो पिढ्यान्‌पिढ्या. एकीकडं सगूचं कपाळ खाली येत होतं आणि दुसरीकडं भिवराचे हात पुढं जात होते. आधी कोण पोचणार? पारू घागर ओतता ओतता पार थकली आणि मरताना तिनं विचारलं, "किती उरलंय?" तिच्या नातीनं सांगितलं, "आजी, बोटभर." "कुणाचं?" "दोघींचंही." पारूनं डोळे मिटले ते त्या उत्तरावरच. गावातली माणसं शेतातून येता जाता वाट वाकडी करून डोहाकडं बघून जायची. नव्या नवऱ्या हळदीच्या अंगानं बघून जायच्या. कुणाला झोप यायची नाही. कुणी म्हणायचं हात पुढं आहे, कुणी म्हणायचं दगड. त्यावरून भाऊ भाऊ भांडले.

एक वर्ष फार मोठा दुष्काळ पडला. विहिरीच्या तळाला चिखल उरला. गाव सोडून जायची बोलणी झाली. तेव्हा कुणीतरी म्हणालं, "आणि दोर?" मग बोलणं तिथंच थांबलं. त्या वर्षी घरटी एक ओंजळ पाणी गोळा करून रोज घागर भरली गेली. पहिलं पाणी दोराला, मग पोरांना, मग गुरांना, मग आपल्याला. गाव उठलं नाही. दोरानं गाव धरून ठेवलं, असं म्हणतात.

त्याच दुष्काळात एका सकाळी घागर ओतायला गेलेली बाई ओरडत, पडत, धडपडत गावात आली. घागर तिथंच टाकून आली होती. सगळे धावले आणि कडेला पालथे पडून त्यांनी पाहिलं. भिवराचा उजवा तळवा सुळक्यावर होता आणि सगूचं कपाळ त्या तळव्यात होतं. दगडाची धार भिवराच्या हाताच्या पाठीत शिरली होती आणि रक्ताचा एक थेंब हवेत निघाला होता. तो अजून निघालेलाच आहे. डावा हात लेकीच्या पाठीवर टेकत होता.

ज्या घाईनं लेकीला डोहात घातलं, तीच घाई वेळेवर पोचली.

त्याच सुमाराला डोहातला आवाज बदलला. जुना 'आ' कधीच सरला होता, त्यामागून आलेली बारीक 'ई' विरत विरत संपली. त्या दिवशी गावात अशी शांतता पडली, की गुरं बावरली. आणि मग त्या शांततेतून दुसरा आवाज उठला, जाड, खरखरीत, बाईमाणसाचा. तो आजही चालू आहे. भिवरा 'आले' म्हणतेय, की 'ओ' म्हणतेय, यावर कातळवेढ्याच्या पारावर अजून वाद चालतात. शब्द पुरा होईल तेव्हा कळेल. ओ द्यायला उशीर झाला, पण ती दिली गेली, एवढं सगळ्यांना कबूल आहे.

त्या दोघी एकमेकींना धरून अजून आत आहेत आणि केसाकेसानं बाहेर येत आहेत.

म्हणून कातळवेढ्यात आजही सकाळची पहिली घागर दोरावर ओततात. गावात येणारी नवी सून घरातलं माप ओलांडायच्या आधी त्या दोरावर पाणी घालते. त्या गावात कुणी दोराला हिसका देत नाही, मग तो पोहऱ्याचा असो की वासराचा. पोरगी रुसून उभी राहिली, तर तिची आई जागेवरून ओढत नाही, उठून तिच्यापाशी जाते. आणि दोर वळताना समोर बसलेला माणूस आपल्या हातांकडं बघत नाही, मागं सरणाऱ्याच्या टाचेकडं बघतो.

आणखी एक रीत आहे. रोज एका घरातून एक भाकरी येते आणि खुंटीशेजारच्या दगडावर ठेवली जाते. ती शिळी चालत नाही, तव्यावरून उतरलेलीच लागते. निवली, की पहिल्या भुकेल्या पोराला द्यायची आणि दुसरी गरम आणून ठेवायची. परगावचे पाहुणे कधी हसतात. म्हणतात, त्या बाहेर यायला अजून किती पिढ्या जातील, मग आजच्या भाकरीची एवढी घाई कशाला?

तेव्हा कातळवेढ्याच्या बाया सांगतात, "आपल्याला पिढ्या गेल्या हो. तिला भूक आत्ताच लागलीय."